हातचं राखून

गेल्या हिवाळ्यात भाच्याची अडथळ्यांची शर्यत बघायला बालेवाडीला गेले होते. त्याची वेळ दुपारनंतरची. ऊन टाळायला स्टँडच्या ज्या टोकाला जाऊन बसले, त्याच्या समोरच मुलींची पोल व्हॉल्टची, म्हणजे बांबू उडीची, स्पर्धा चालली होती. एकेक करून सगळ्या बाद झाल्या आणि एकटी मुलगी उरली. सडसडीत, सावळी, बोटांना चिकटपट्टी गुंडाळलेली. सुवर्णपदक तिचं झालंच होतं. आता बार, म्हणजे वरची आडवी दांडी, कितीवर ठेवायचा ते तिने सांगायचं होतं, आणि तिने नुकत्याच पार केलेल्या उंचीच्या थोडासाच वर स्पर्धेचा विक्रम होता. आजूबाजूचे लोक सरसावून बसले. ती कठड्याशी उभ्या असलेल्या तिच्या सरांकडे गेली, दोघांचं काहीतरी बोलणं झालं, सरांनी मान हलवली. तिने पंचांना 'नको' अशी खूण केली आणि खाली बसून स्पाइक्सच्या नाड्या सोडायला लागली. माझ्या मागे बसलेले एक गृहस्थ चडफडले. "विक्रम समोर होता, मारायची की उडी! हातचं राखून खेळतात आणि मग म्हणे मेडल येत नाहीत."

भाच्याची शर्यत झाल्यावर निघताना ती मुलगी मला जिन्याखाली दिसली. चारपाच पोल एकत्र करून ती लांबलचक कापडी पिशवीत सरकवत होती. प्रत्येक पोलवर, हाताने धरायच्या जागेच्या वर, तो किती किलो वजनाच्या खेळाडूसाठी आहे त्याचा आकडा छापलेला असतो. एका पोलवरचा आकडा पांढऱ्या पावडरीच्या बोटांनी पार पुसट झाला होता. तिचा नेहमीचा पोल तोच असावा. मी अभिनंदन केलं आणि न राहवून विचारलं, "अजून एक उडी का नाही गं मारलीस?" ती हसली. "पुढच्या महिन्यात नॅशनल आहे ना, काकू. तिथे मारीन."

ते 'तिथे मारीन' काही केल्या डोक्यातून जाईना.

कारण त्या गृहस्थांची चडफड मला नवी नव्हती. आमच्या घरात ती मी लहानपणापासून ऐकत आले होते आणि ती असायची एका माणसासाठी, सोव्हिएत संघाचा पोल व्हॉल्टर सर्गेई बुबका याच्यासाठी. आमचे अण्णा शाळेत पी.टी. शिकवायचे. शाळेच्या मैदानाच्या कोपऱ्यात त्यांनी वाळूचा खड्डा करून घेतला होता आणि खराखुरा बांबू घेऊन ते मुलांकडून बांबू उडी करून घ्यायचे. तो बांबू वाकत नसे. खड्ड्यापुढच्या मातीत त्याचं टोक रुतलं की हाताला असा हिसका बसायचा की खांद्यापर्यंत झिणझिण्या याव्यात. बुबका उडी मारायचा तो फायबरच्या पोलवर, निळ्या गादीवर, हजारो लोकांसमोर, पण अण्णांच्या लेखी खेळ तोच होता. वर्तमानपत्राच्या खेळाच्या पानावर खालच्या कोपऱ्यात दोन-तीन ओळींत बातमी यायची, 'बुबकाचा पुन्हा विश्वविक्रम'. अण्णा ती कापून एका वहीत चिकटवायचे. चिकटवता चिकटवता पुटपुटायचे, "पुन्हा एकच सेंटिमीटर. अरे, अंगात आहे तर मार ना एकदा जीव तोडून!" जवळजवळ दहा वर्षं ती वही भरत राहिली आणि अण्णांची तक्रारही चालूच राहिली.

तक्रारीला कारण होतं. ६.०५ मीटरपासून ६.१४ पर्यंत मैदानी विक्रमातला एकही सेंटिमीटर बुबकाने गाळला नाही. १९८८ च्या जूनमध्ये ब्रातिस्लाव्हाला ६.०५, पुढच्याच महिन्यात नीसला ६.०६, आणि मग १९९१ च्या एका उन्हाळ्यात शिझुओका, मॉस्को, फॉर्मिया, माल्मो अशा चार गावांत ६.०७, ६.०८, ६.०९, ६.१०. त्या काळी बंदिस्त स्टेडियममधला विक्रम आणि उघड्या मैदानावरचा विक्रम वेगवेगळे मोजायचे. १९९१ च्या मार्चमध्ये ग्रेनोबलला छपराखाली तो ६.१२ पार करून आलेला होता. म्हणजे मे महिन्यात ६.०७ वर बार ठेवायला सांगताना आपण याच्याही वर जाऊन आलोय हे त्याला पक्कं ठाऊक होतं, पंचांना ठाऊक होतं, आणि वही घेऊन बसलेल्या अण्णांनाही ठाऊक होतं. प्रत्येक विक्रमाला बक्षीस असे. आधी सोव्हिएत सरकारचं, पुढे स्पर्धा भरवणाऱ्यांचं आणि बूट बनवणाऱ्या कंपन्यांचं. १९९४ च्या जुलैत इटलीतल्या सेस्ट्रिएरे या डोंगरावरच्या गावी त्याने ६.१४ मारली तेव्हा विक्रमाचं बक्षीस म्हणून फेरारी मिळाली. एकूण ३५ विश्वविक्रम, १७ मैदानी आणि १८ बंदिस्त. जगभर लोक म्हणत की हा माणूस विक्रम सुट्टे करून विकतो.

मी तेव्हा अण्णांच्याच बाजूची होते. तरुण वयात सगळं एका दमात उधळून देणाऱ्यांचं आकर्षण असतंच. पण त्या मुलीच्या उत्तरानंतर मी रात्री बसून जुन्या चित्रफिती बघायला घेतल्या, एकामागून एक, आणि वेगळंच काही दिसायला लागलं.

पोल व्हॉल्टमध्ये अर्धी उडी नावाची गोष्ट नसते. धावणारा शेवटच्या वीस मीटरमध्ये पाय सैल सोडू शकतो, कुस्तीगीर गुण घेऊन वेळ काढू शकतो. इथे तसं करून चालत नाही. चाळीसेक मीटरच्या पट्टीवरून हातात पाच मीटरचा पोल घेऊन पूर्ण वेगाने यायचं, पोलचं टोक जमिनीतल्या वीस सेंटिमीटर खोल पत्र्याच्या खाचेत बसवायचं, आणि त्या क्षणी अंगातला सगळा वेग पोलमध्ये ओतायचा. वेग कमी पडला तर पोल उभाच होत नाही, माणसाला मागे पट्टीवर फेकतो. मनात थोडी शंका आली आणि हात जरा आखडले तरी तेच. बुबकाचे प्रशिक्षक व्हिताली पेट्रोव्ह यांची सगळी शिकवण या एका क्षणाभोवती होती. पोल वाकवायच्या मागे लागू नका, पोल खाचेत आपटायच्या आधीच जमिनीवरून उडी घ्या, हात उंच ठेवा, आणि तिथून थेट उलटे होईपर्यंत कुठेही थांबू नका. असं करता आलं तर पोलवर जास्त वर पकड घेता येते आणि जास्त कडक पोल वापरता येतो. बुबका पाच मीटरच्याही वर पकड घ्यायचा, धावायचा एखाद्या शंभर मीटरवाल्यासारखा, आणि त्याचे पोल इतके कडक असत की त्याच्या वजनाच्या दुसऱ्या कुणाला ते उभेही करता आले नसते. चित्रफीत एकेक चौकट पुढे नेऊन बघितली की दिसतं, त्याचा डावा पाय जमिनीवरून सुटतो आणि त्यानंतर पोलचं टोक खाचेच्या भिंतीला भिडतं. डोळ्याची पापणी लवण्याइतकंही अंतर नाही. पण त्या एवढ्याशा जागेत तो मुक्त असतो, पोलचा धक्का अजून त्याच्यापर्यंत पोचलेला नसतो.

म्हणून मला आता असं वाटतं की बुबकाने उडी कधीच राखून ठेवली नाही. तशी ठेवताच येत नाही. त्याने राखला तो फक्त बार.

आणि बार राखण्यात मला लबाडी दिसत नाही. विलंबित ख्यालात गवई तार षड्ज कुठे पळून जाणार आहे का म्हणत एकेका स्वराची बढत करत जातो, निषादावर येऊन परत मागे फिरतो, आपण बैठकीत जीव मुठीत धरून बसतो, आणि कुणीही म्हणत नाही की हा कंजूष आहे, येतंय तर लाव ना एकदाचा वरचा सा. अशा उडीचा मार शरीराला किती बसतो तेही धरायला हवं. घोटा, टाच, पाठ, खांदा, सगळ्यांवर एकदम आघात. एका दुपारी अशा किती उड्या अंगात असतात ते खेळाडूलाच कळतं, आणि त्यातली प्रत्येक कुठल्या उंचीवर खर्चायची हे ठरवणं हा या खेळाचा अर्धा भाग आहे. बार वर जाऊ द्यायचा, मधली उंची सोडायची, थांबायचं. पोलइतकंच हेही शिकावं लागतं.

शिवाय तो कुठून आला तेही बघायला हवं. जन्म १९६३ चा, युक्रेनमधल्या लुहान्स्कचा. पेट्रोव्ह दोनेत्स्कला गेले तेव्हा पंधरा वर्षांचा सर्गेई आपला मोठा भाऊ वासिली याच्याबरोबर त्यांच्यामागे गेला. घर सोडून, वसतिगृहात राहायला. दोनेत्स्क म्हणजे कोळशाच्या खाणींचं शहर. अशा ठिकाणी वाढलेल्या मुलाने आपल्या प्रत्येक सेंटिमीटरचा मोबदला मागितला तर मला त्यात उणं काही वाटत नाही. अण्णांनाही, बाकी कुणाबद्दल असतं तर, वाटलं नसतं. १९८३ ला हेलसिंकीत पहिली जागतिक स्पर्धा भरली. एकोणीस वर्षांचा, फारसा कुणाला माहीत नसलेला हा मुलगा तिथे ५.७० मारून जिंकला. दोन वर्षांनी, १३ जुलै १९८५ ला पॅरिसमध्ये, माणसाने पहिल्यांदा ६ मीटर पार केले. तेही यानेच. तोपर्यंत ६ मीटरबद्दल लोक गेल्या पिढीत चार मिनिटांच्या आत मैल धावण्याबद्दल बोलत तसे बोलायचे.

मन खट्टू होतं ते ऑलिंपिकपाशी.

१९८४ च्या १३ जुलैला लंडनमध्ये त्याने ५.९० चा विश्वविक्रम केला होता. पुढच्या महिन्यात लॉस एंजेलिसचं सुवर्ण ५.७५ वर गेलं, आणि बुबका तिथे नव्हताच, कारण सोव्हिएत संघाने बहिष्कार घातला होता. महिनाअखेर रोममध्ये तो उतरला. फ्रान्सच्या तिएरी व्हिन्योरोंने त्याच्यासमोरच त्याचा विक्रम मोडून ५.९१ केला. बुबकाने काही मिनिटांत ५.९४ मारली. ती चित्रफीत बघताना मला नेहमी वाटतं की हा राग त्या एका फ्रेंच माणसावरचा नाही, अख्ख्या उन्हाळ्यावरचा आहे. तेव्हा त्याने एकेक सेंटिमीटर मोजला नाही, एकदम तीन घेतले. १९८८ ला सोलमध्ये सुवर्ण मिळालं, ५.९० वर, पण तिसऱ्या आणि शेवटच्या प्रयत्नात. आमच्याकडे तेव्हा काळापांढरा टीव्ही होता. दूरदर्शनवर ऑलिंपिकच्या क्षणचित्रांत ती उडी दाखवली तेव्हा अण्णा खुर्चीतून उठून टीव्हीपुढे जाऊन उभे राहिले आणि आम्हाला कुणालाच काही दिसेना.

मग बार्सिलोना. १९९२ च्या जूनमध्ये दिजाँला त्याने ६.११ मारली होती. सुवर्ण कुणाचं याबद्दल कुणाच्या मनात प्रश्नच नव्हता. त्याने ५.७० वर सुरुवात केली. पहिला प्रयत्न गेला, दुसराही गेला. मग त्याने त्याच्या नेहमीच्या हिशेबाने उरलेली एक उडी ५.७५ साठी राखून ठेवली. तीही गेली. एकही उंची पार न करता जगातला सगळ्यात मोठा पोल व्हॉल्टर ऑलिंपिकमधून बाहेर पडला आणि सुवर्ण त्याच्याच संघातल्या माक्सिम तारासोव्हने ५.८० वर नेलं. अण्णांच्या वहीत त्या दिवसाची बातमी नाही. पुढचं कात्रण थेट ३० ऑगस्टच्या पाडुआचं आहे, ६.१२. त्यानंतर सप्टेंबरचं टोकियो, ६.१३. ऑलिंपिकच्या आधी विक्रम, ऑलिंपिकनंतर तीन आठवड्यांत विक्रम, आणि मधोमध काहीच नाही. १९९६ ला अटलांटात घोट्यामागच्या शिरेने दगा दिला, तो उडी न मारताच परतला. २००० ला सिडनीत प्राथमिक फेरीतच ५.७० वर तिन्ही प्रयत्न गेले. १९८३ पासून १९९७ पर्यंतच्या सहाही जागतिक स्पर्धांचा विजेता, आणि ऑलिंपिक सुवर्ण एकच.

इथे माझ्या मनात दोन्ही विचार येतात आणि एकाचंही पारडं जड होत नाही. बार्सिलोनात त्याने ५.७० ची तिसरी उडी तिथेच मारली असती तर? कदाचित जमली असती. पण मग वर्षानुवर्षं ज्या हिशेबावर तो जिंकत आला, तो त्या एका दुपारी सोडायला त्याला कुणी सांगितलं असतं, आणि कशाच्या जोरावर? हिशेब बरोबर असूनही दिवस आपला नसतो, हे मला पटतं. तरीही ती उडी बघताना दर वेळी मी 'नको, सोडू नकोस' म्हणतेच.

याच्या उलट टोकाला आहे रेनो लाव्हिलेनी. १५ फेब्रुवारी २०१४, गाव दोनेत्स्क. बुबकाने स्वतः सुरू केलेली, नुसत्या पोल व्हॉल्टची स्पर्धा. १९९३ च्या २१ फेब्रुवारीला याच शहरात त्याने ६.१५ मारली होती आणि एकवीस वर्षं तिला कुणी हात लावला नव्हता. फ्रान्सचा हा किरकोळ अंगाचा लाव्हिलेनी पहिल्याच प्रयत्नात ६.१६ वरून गेला. डोक्याला हात लावून तो धावत सुटला आणि बुबका त्याला मिठी मारायला पुढे आला. स्वतःच्या गावात, स्वतःच्या स्पर्धेत, स्वतःचा विक्रम जाताना बघणाऱ्या माणसाच्या चेहऱ्यावर मी काहीतरी शोधत होते. मला तिथे फक्त आनंद दिसला. पण पुढे काय झालं ते बघा. लाव्हिलेनीने बार थेट ६.२१ वर ठेवायला सांगितला. एका विक्रमाच्या भरात दुसरा, तोही पाच सेंटिमीटर वरचा. अण्णांनी आयुष्यभर मागितलेलं नेमकं हेच. त्या प्रयत्नात त्याच्या पायाला जखम झाली आणि पुढच्याच महिन्यातली जागतिक बंदिस्त स्पर्धा त्याच्या हातून गेली. मी त्याला दोष देत नाही. ६.२१ वर बार चढताना बघणाऱ्या प्रेक्षकांत असते तर मीही उभी राहून ओरडले असते.

दोनेत्स्कमधली ती शेवटची स्पर्धा ठरली. काही महिन्यांतच तिथे युद्ध पोचलं. बुबका आणि लाव्हिलेनी ज्या शहरात एकमेकांना मिठी मारत होते, त्या शहरात आज कुणी पोलची पिशवी घेऊन स्पर्धेला जाऊ शकत नाही.

आता आर्मंड डुप्लांटिस आहे. वडील पोल व्हॉल्टर, आई स्वीडनची खेळाडू, लुइझियानात घराच्या मागच्या अंगणात धावपट्टी. २०२० च्या फेब्रुवारीत ६.१७ पासून त्याने सुरुवात केली आणि २०२५ च्या सप्टेंबरात टोकियोत ६.३०. तोवर चौदा विक्रम, प्रत्येक वेळी नेमका एक सेंटिमीटर. आणि गंमत म्हणजे याला कुणी लोभी म्हणत नाही. लोक प्रेमाने मोजतात, पुढचा कधी म्हणून वाट बघतात. रशियाची पोल व्हॉल्टर येलेना इसिनबायेव्हा हिच्या वेळी थोडी कुरकुर झाली होती. तीही काही वर्षं पेट्रोव्ह यांच्याकडेच शिकली, तीही २८ विक्रमांपर्यंत अशीच थेंबाथेंबाने गेली. मग बुबकाच्याच वाट्याला एवढी हेटाळणी का? मला वाटतं त्या काळी खेळात उघडपणे पैसा नुकताच यायला लागला होता आणि तो घेणाऱ्याकडे बघायची लोकांची नजर अजून जुनी होती. त्यात तो सोव्हिएत. त्याने निमूट पदक घ्यावं, पैशाचं नाव काढू नये, अशी एक अपेक्षा होती. त्या अपेक्षेचं ओझं डुप्लांटिसवर नाही आणि मला त्याचा आनंदच आहे. फक्त ज्याने ती वाट पाडली त्याला पाठीमागून शिव्या बसल्या, एवढं लक्षात असलं म्हणजे झालं.

अण्णा आता पंच्याऐंशीच्या पुढे आहेत. मागच्या महिन्यात गावी गेले तेव्हा त्यांना मी १९९१ ची टोकियोची जागतिक स्पर्धा दाखवली. बार ५.९५ वर आहे. हंगेरीचा बाग्युला ५.९० मारून बसलाय. ही उडी विक्रमाची नाही, त्यामुळे इथे एक सेंटिमीटरचाही प्रश्न नाही, नुसतं जिंकायचंय. बुबका येतो, सुटतो, उलटा होतो, आणि बारच्या वर हातभर मोकळी हवा दिसते. एवढी की बार चुकून खाली ठेवलाय असं वाटावं. कागदावर ५.९५ च लिहिलं गेलं. त्या दिवशी ६.२० चा बारही त्याच्या खालून गेला असता असं मी म्हणाले, आणि आता अण्णा काय म्हणतात म्हणून त्यांच्याकडे बघत राहिले. "मग ठेवायचा होता की सहा-वीसला," असं म्हणतील अशी माझी खात्री होती. त्यांनी चष्मा वर सरकवला, फोन हातात घेतला आणि म्हणाले, "मागे घे जरा. पाय कधी सुटला ते बघू दे."